जॉर्जियन अंगाई लघुपटात बसवताना: गाणं निवडण्यापासून मिक्सिंगपर्यंत

जॉर्जियातल्या बालपणावर लघुपट करायचा आणि त्यात आई गातेय, मूल झोपतंय असं एक दृश्य घ्यायचं ठरलं, की बहुतेक गट एकाच वाटेने जातात. नावाजलेल्या वृंदाचं एखादं गाणं उतरवून घेतात, पंधरा मुलांची पाच-पाच-पाच अशी वाटणी करतात, हार्मोनियमवर तीन चाली काढून देतात आणि स्टुडिओत एकेक चाल वेगळी मुद्रित करतात. हाती येणारं गाणं गोड असतं, पण जॉर्जियन वाटत नाही आणि दृश्यातही बसत नाही. पडद्यावर एकटी आई दिसते आणि कानावर पंधरा मुलं पडतात.

या चुका ठरलेल्या आहेत आणि जवळजवळ सगळ्या पहिल्या दोन-तीन टप्प्यांत होतात. पुढे मिक्सिंगला बसल्यावर त्या निस्तरता येत नाहीत, म्हणून खालचा क्रम मोडू नका. आठवड्याला तीन तालमी होत असतील तर सहा आठवडे धरा. शिवाय मुद्रणाला एक दिवस आणि चित्रीकरणाला एक-दोन दिवस लागतील.

टप्पा १: दृश्यात गातंय कोण, ते आधी ठरवा

जॉर्जियन लोकगीत म्हटलं की तीन आवाजांचं गाणं डोळ्यांसमोर येतं. अंगाई मात्र घरात बहुधा एकटी बाईच गाते. म्हणून गाणं शोधायच्या आधी पटकथेतलं दृश्य काढा आणि चौकटीत किती माणसं आहेत ते मोजा. बहुतेक दृश्यं पुढच्या तीन प्रकारांपैकी एकात बसतात.

पहिला प्रकार म्हणजे एकटी आई किंवा आजी आणि झोपाळलेलं मूल. इथे एकच आवाज ठेवा, फार तर एका वाद्याची साथ. ‘इअवनाना’ नावाच्या अंगाया या जागेसाठी आहेत. नावातच ‘इआ’ आहे, म्हणजे व्हायोलेटचं जांभळं रानफूल. ध्रुवपदात ‘वार्दो’ येतं, म्हणजे ‘अगं गुलाबा’ अशी हाक. ‘नाना’ हे आपल्या ‘गाई गाई’सारखं झोपवण्याचं बोलणं आहे.

दुसरा प्रकार आजारी मुलाचा. इथे मराठी वाचकाला फार समजावून सांगावं लागत नाही. आपल्याकडे जसं ‘देवी आल्या’ म्हणत, तसं जॉर्जियात गोवर-कांजिण्यांसारखे आजार म्हणजे ‘बातोनेबी’ घरी आले असं मानत. बातोनी म्हणजे मालक, धनी. पाहुणे म्हणून आलेल्या या धन्यांना खूश ठेवायचं म्हणून खोलीत रंगीत कापडं, फुलं मांडत आणि हलक्या आवाजात गात. इअवनाना या प्रसंगीही म्हणतात, पण ती झोपेची विनवणी नसते. धन्यांनी सुखाने परत जावं म्हणून केलेलं ते आर्जव असतं. दोन-तीन बायका मिळून गात असतील तर इथे दोन किंवा तीन आवाज शोभतात.

तिसरा प्रकार मुलांच्या घोळक्याचा. तुम्हाला मुलांचं समूहगान हवंच असेल तर त्यासाठी झोपेचं दृश्य वापरू नका. ‘अलिलो’ची रात्र घ्या. जॉर्जियन ऑर्थोडॉक्स नाताळ ७ जानेवारीला असतो. त्याच्या आदल्या रात्री गाणाऱ्यांचे जथे दारोदार फिरतात आणि घरचे लोक त्यांना अंडी, खाऊ देतात. इथे पंधरा मुलं चौकटीत असायला कारण आहे आणि तिन्ही आवाजांनाही.

> सावधान: बातोनेबीच्या दृश्यात आईला रडवू नका. घरात रडारड, भांडण झालं तर धनी रागावतील अशी समजूत असल्यामुळे माणसं मुद्दाम प्रसन्न राहत. अभिनेत्री डोळ्यांत पाणी आणून गायली तर जॉर्जियन प्रेक्षकाला ते दृश्य खोटं वाटेल. तिची भीती हातांतून दिसू द्या, आवाजातून नाही.

> सावधान: संवादांत ‘मामा’ म्हणजे वडील आणि ‘देदा’ म्हणजे आई. आजीला ‘बेबिया’ म्हणतात. मूल रात्री ‘मामा’ अशी हाक मारतं आणि आई धावत येते, असं दृश्य चुकून लिहिलं जातं. पटकथा एकदा फक्त एवढ्यासाठी वाचा.

हरवलेलं मूल अंगाई ऐकून आईला ओळखतं, अशी कल्पना सुचली असेल तर हे जाणून असा: याकोब गोगेबाश्विली यांची १८९०ची कथा नेमकी यावर आहे आणि जॉर्जियन वाचक तिच्यावरच वाढलेले आहेत. ती कल्पना नवी म्हणून वापरू नका.

टप्पा २: घर, वाद्य आणि गाणं एकाच मुलखातलं ठेवा

जॉर्जिया आकाराने महाराष्ट्राच्या एक चतुर्थांशाहूनही लहान आहे, पण गाण्याची पद्धत खोऱ्यागणिक बदलते. पूर्वेला कार्तली-काखेतीत खालचा आवाज एक स्वर लांबवर धरून ठेवतो आणि वरचे दोघं त्यावर गातात. पश्चिमेला गुरियात तिन्ही आवाज आपापल्या वाटेने धावतात. तिथल्या सगळ्यात वरच्या आवाजाची ‘क्रिमांचुली’ नावाची उड्या मारणारी गायकी तर मुलांच्या पहिल्या प्रयत्नासाठी घेऊच नये. उत्तरेच्या डोंगरात स्वानेतीत तिन्ही आवाज बहुतेक एकदम पाऊल टाकतात, त्यामुळे स्वरांच्या लाद्या सरकवल्यासारखं ऐकू येतं.

वाद्यंही तशीच वाटलेली आहेत. पूर्वेचं वाद्य तीन तारांचं, पडदे असलेलं. रोमन लिपीत ते ‘पांडुरी’ दिसतं, पण उच्चार ‘फांदुरी’च्या जवळचा. पश्चिमेचं ‘छोंगुरी’ चार तारांचं असतं. त्याची चौथी तार आखूड असते आणि दांड्याच्या मधूनच निघते. पारंपरिक छोंगुरीला पडदे नसतात. ती डाव्या मांडीवर उभी धरतात आणि बोटांनी वाजवतात, नखी वापरत नाहीत. स्वानेतीत गजाने वाजवायचं ‘चुनिरी’ आणि लहान वीणेसारखं ‘छांगी’ आहे.

तेव्हा लाकडी, खांबांवर उचललेलं, पुढे ओसरी असलेलं ‘ओदा’ घर दाखवत असाल तर तुम्ही पश्चिमेत आहात. तिथे छोंगुरी आणि गुरिया, इमेरेती किंवा सामेग्रेलोचं रूप घ्या. स्वानेतीचे दगडी मनोरे दाखवत असाल तर गाणं आणि वाद्यही तिथलंच घ्या. त्या मनोऱ्याखाली बसून फांदुरी वाजवणारी आजी दाखवली, तर कोल्हापुरात नारळीपोफळीची वाडी दाखवल्यासारखं होतं.

पाळण्याबद्दल. जॉर्जियन पाळणा, ‘आक्वानी’, आपल्यासारखा टांगलेला नसतो. तो जमिनीवर असतो आणि खालच्या वक्र पायांवर बाजूला डुलतो. वर आडवा दांडा असतो. बाळाला पट्ट्यांनी बांधून ठेवण्याची रीत आहे, पण चित्रीकरणात खऱ्या बाळाला बांधू नका, त्या शॉटपुरती बाहुली वापरा. पाळण्याचं डुलणं आणि गाण्याचं वजन जुळलं पाहिजे. इअवनानाची बरीच रूपं तीनच्या वजनात झुलतात. आधी रिकामा पाळणा डुलवून ३० सेकंदांत किती हेलकावे होतात ते मोजा आणि गाण्याची लय त्यावर बेतून घ्या. गाण्यासाठी पाळणा घाईने हलवला तर तो हलवणाऱ्या हातातूनच कळतं.

टप्पा ३: रूप निवडा आणि परवानगी आत्ताच मागा

पारंपरिक गाणं कोणाच्या मालकीचं नसतं. त्याचं ठरावीक मुद्रण, ठरावीक स्वरलेखन आणि एखाद्या वृंदाने केलेली मांडणी यांवर मात्र हक्क असू शकतात. ऐकून शिकणं वेगळं आणि ते मुद्रण चित्रपटात वापरणं वेगळं. राजधानी तिबिलिसीच्या राज्य संगीत अकादमीत पारंपरिक बहुस्वर गायनाचं संशोधन केंद्र आहे. गाण्याचं रूप कुठलं, हे विचारायला ती योग्य जागा आहे.

निवडताना तीन गोष्टी पाहा. गाण्याचा पल्ला मुलांना पेलेल का? शब्द पूर्ण मिळतात का? आणि ते लोकगीत आहे की चर्चमधलं स्तवन? जॉर्जियनमध्ये गाण्याला ‘सिम्घेरा’ आणि स्तवनाला ‘गालोबा’ असे वेगळे शब्द आहेत. गालोबा ऐकायला शांत वाटतं म्हणून झोपेच्या दृश्याखाली टाकलं जातं. तसं करू नका.

> तपासणी: कागदावर चार ओळी लिहून भिंतीवर लावा. गाणं कोणत्या भागाचं, प्रसंग कोणता, चौकटीत गाणारे किती, कोणाकडून शिकलो. चारातली एक जरी रिकामी राहिली तरी तालीम सुरू करू नका.

टप्पा ४: शब्द आधी, चाल नंतर

पहिला आठवडा फक्त बोलण्यात घालवा. मराठी मुलांना इथे मोठा फायदा आहे, पण रोमन लिपीतून शिकवलं की तो वाया जातो.

जॉर्जियनमध्ये क, त, प, च यांच्या दोन-दोन जाती आहेत. एकीत श्वास सुटतो, ती आपल्या ख, थ, फ, छ यांच्या जवळची. दुसरीत श्वास कोंडून वर्ण टचकन फुटतो. आजच्या अधिकृत रोमन लिप्यंतरात श्वासाचे वर्ण साधे लिहितात आणि कोंडलेल्या वर्णांना पुढे अपॉस्ट्रॉफीची (’) खूण जोडतात. खूण नसलेला ‘टी’ दिसला की आपण ‘त’ किंवा ‘ट’ म्हणतो, तिथे हवा असतो ‘थ’. म्हणून शब्द देवनागरीत उतरवा: खूण नसेल तिथे ख, थ, फ, छ आणि खूण असेल तिथे क, त, प, च, त्याखाली एक रेघ. रेघ म्हणजे श्वास कोंडायचा. ‘फ’ ओठ मिटून म्हणायचा, ‘फणस’मधला, ‘फॅन’मधला नाही.

कोंडलेला ‘क’ शिकवायची सोपी रीत अशी: मुलांना श्वास रोखायला सांगा आणि तो न सोडता ‘क’ म्हणायला लावा. जीभ सुटल्याचा जो कोरडा आवाज येतो, तोच हवा आहे.

‘चाक’ आणि ‘जाळं’ यांतले च-ज मराठी मुलांच्या जिभेवर आधीच आहेत. जॉर्जियनमध्ये याच जातीचे वर्ण भरपूर येतात, त्यामुळे इतर अनेक भाषांतल्या गायकांना जे महिनाभर घोटावं लागतं ते इथे तासाभरात येतं. फक्त देवनागरीत दोन्ही च-ज सारखेच दिसतात, म्हणून दंत्य वर्णाभोवती गोल करा. स्वर पाचच आहेत: आ, ए, इ, ओ, उ. ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही, त्यामुळे ‘ई’ ताणायची सवय मोडावी लागते. चालीत स्वर लांबतो तेवढाच लांबवायचा.

सगळ्यात अवघड आहे तो पडजिभेपाशी फुटणारा ‘क’. त्यासाठी जॉर्जियन मुलंच जी बडबड करतात ती घ्या: ‘बाकाकी त्स्काल्शी किकिनेब्स’, म्हणजे बेडूक पाण्यात डरावतो. यातला प्रत्येक ‘क’ घशाच्या तळातून यायला हवा. आपल्या ‘काळे राळे, गोरे राळे’सारखीच ही जिभेची कसरत आहे. रोज तालमीआधी पाच वेळा म्हणवून घ्या. मुलांना मजा येते आणि घसाही मोकळा होतो.

आणखी एक छोटी गोष्ट सांगून ठेवा. जॉर्जियन मूल शाळेत पहिल्यांदा वाचतं ते ‘आइ इआ’, म्हणजे ‘हे बघ इआ’. ‘देदा एना’ या १८७६च्या बालवाचनमालेपासून ही सुरुवात रुळली आहे. गाण्यातली ‘इआ’ मुलांना एवढी ओळखीची झाली की ती नुसतं अक्षर म्हणून गात नाहीत.

> तपासणी: शब्द बोलून, न गाता, मुद्रित करा आणि मातृभाषा जॉर्जियन असलेल्या व्यक्तीला ऐकवा. तिबिलिसीत एमबीबीएस करणारं कुणी ओळखीचं असेल तर त्याच्यामार्फत घरमालकिणीपर्यंत, एखाद्या आजीपर्यंत पोहोचता येतं. अर्थ न सांगता ऐकवा. तिला अर्थ लागला तरच पुढे जा.

टप्पा ५: आवाजांची वाटणी (इथे सगळ्यात जास्त चुकतं)

लोकगीतात बहुधा मधला आवाज गाणं सुरू करतो आणि शब्द वाहून नेतो. त्याला ‘म्थ्ख्मेली’ म्हणतात, म्हणजे सांगणारा. वरचा ‘मोजाखिली’ (यातला ज ‘जाळं’मधला). खालचा ‘बानी’. स्तवनांत हीच नावं वेगळ्या आवाजांना लावतात, त्यामुळे नावावर न जाता प्रत्यक्ष स्वर पाहा.

वरचे दोन आवाज प्रत्येकी एकानेच गायचे. बानी बाकी सगळ्यांनी. बारा मुलं असतील तर दहा बानीला, एक मधल्याला, एक वरच्याला. चार-चार-चार वाटलं की वरच्या दोन्ही चाली जाड होतात, त्यांतला लवचिकपणा जातो आणि बानीचा पाया उरत नाही. पालक विचारतील की माझ्या मुलीला मागे का उभं केलं. त्यांना पहिल्याच दिवशी सांगा की बानी म्हणजे कोरस नाही. वरच्या दोघांना उभं राहायला जमीन तीच देते. वरच्या आवाजांसाठी दोन-दोन मुलं तयार ठेवा आणि तालमीत त्यांना आळीपाळीने बानीतही बसवा. बानी गायलेल्या मुलाला वरचा आवाज अधिक चांगला जमतो.

ही मांडणी अलिलोच्या घोळक्यासाठी आहे. बातोनेबीच्या दृश्यात तीन बायका असतील तर प्रत्येकीला एकेक आवाज.

स्वर किती उंचावर घ्यायचा. नऊ ते बारा वर्षांच्या मुलांसाठी बानीचा सगळ्यात खालचा स्वर मंद्रातल्या पांढरी सहाच्या, म्हणजे २२० हर्ट्झच्या, खाली जाऊ देऊ नका. बानी बऱ्याचदा षड्जाच्या एक पायरी खाली उतरते, म्हणून षड्ज पांढरी सात किंवा पांढरी एक धरा. वरचा आवाज मध्य सप्तकातच राहील. तिन्ही आवाज एकमेकांना खेटून असल्यामुळे सगळं गाणं साधारण एका सप्तकात मावतं. मोठ्यांच्या मुद्रणाच्या पट्टीतच मुलांना गायला लावलं की बानी नुसती पुटपुटते.

टप्पा ६: शिकवण्याचा क्रम

दुसऱ्या आठवड्यात सगळ्यांनी, वरच्या आवाजांच्या मुलांनीही, फक्त बानी शिकायची. तिसऱ्यात सगळ्यांनी मधला आवाज. चौथ्यात बानी आणि मधला एकत्र. वरचा आवाज पाचव्या आठवड्यात जोडा, त्याआधी नाही. आधी जोडला तर मुलं त्यालाच मुख्य चाल समजतात आणि बानीतली मुलंही नकळत तिकडे ओढली जातात.

अर्धवर्तुळात, खांद्याला खांदा लागेल इतकं जवळ उभं करा, वरचे दोघं मधोमध. हातवारे करून ताल देऊ नका. मुलं तुमच्या हाताकडे बघू लागली की एकमेकांना ऐकणं थांबवतात आणि या गाण्यात सूर लागतो तो एकमेकांना ऐकूनच. बानीत श्वास आळीपाळीने घ्यायचा. शेजारी शेजारी असलेल्या दोघांनी एकदम घ्यायचा नाही.

सा-म-पचा सराव. हा वगळू नका. बानीने सा धरायचा, मधल्याने म, वरच्याने प. तिन्ही एकदम, ‘ओ’वर, एका श्वासाइतका वेळ. म आणि प शेजारचे स्वर असल्यामुळे घासतात आणि खोलीत एक थरथर ऐकू येते. हा नाद जॉर्जियन गाण्यात पदोपदी येतो. आपल्या मुलांच्या कानाला मात्र तो चुकल्यासारखा वाटतो. तंबोरा पंचमाचा लावलेला असतो किंवा मध्यमाचा, दोन्ही एकदम नसतो. त्यामुळे मधला मुलगा हळूच गंधाराकडे घसरतो किंवा वरचा धैवताकडे चढतो. दोघांना एकमेकांकडे तोंड करून उभं करा आणि ती थरथर ‘शोधायला’ सांगा. ती चुकवायची नसून पकडायची आहे, हे एकदा कळलं की मुलं जागा सोडत नाहीत.

हार्मोनियम बाजूला ठेवा. सुरुवातीचा षड्ज देण्यापुरताच घ्या. या गाण्यांत गंधार बऱ्याचदा कोमल आणि शुद्ध यांच्या मध्ये कुठेतरी लागतो. हार्मोनियमवर ती पट्टीच नाही. मुलं ‘कोणता ग?’ असं विचारतील. उत्तर देऊ नका, मूळ मुद्रण पुन्हा ऐकवा. सरगम लिहून दिली की मुलं दोहोंपैकी एकाला चिकटतात. तंबोराही दुसऱ्या आठवड्यानंतर बंद करा. काखेतीच्या गाण्यांतसुद्धा बानी अधूनमधून एक पायरी वर-खाली सरकते, तेव्हा मागे वाजणारा सा तिच्याशी भांडतो.

शास्त्रीय संगीत शिकणाऱ्या मुलांची मींड आणि आंदोलन इथे आवरावं लागतं. स्वर सरळ, उघड्या गळ्याने, थेट लावायचा. पूर्वेच्या गाण्यांत वरच्या आवाजांना स्वतःच्या हरकती असतात, पण त्या मूळ मुद्रणातून उचला. आपल्या घालू नका.

> तपासणी: पाचव्या आठवड्याच्या शेवटी तीन-तीन मुलांचे गट करून गाऊन घ्या, प्रत्येक आवाजाला एकच मूल. बरीच गाणी शेवटी एका स्वरावर येऊन मिळतात, काही सा-पवर थांबतात. तुमच्या रूपाचा शेवट कोणता ते माहीत असू द्या आणि तिघं तिथे खरोखर पोहोचतात का ते ऐका. शेवटचा स्वर सुरुवातीच्या सा-पेक्षा अर्ध्या पट्टीहून जास्त उतरला असेल तर आणखी एक आठवडा घ्या.

टप्पा ७: मुद्रण

एकेक आवाज वेगळा मुद्रित करायचा मोह होईल. स्तवनांचे जाणकार गायक आर्तेम एर्कोमाइश्विली यांनी १९६६ मध्ये तिबिलिसीत एकट्याने तिन्ही आवाजांत सुमारे शंभर स्तवनं मुद्रित केली. पहिला आवाज एका टेप रेकॉर्डरवर, मग तो ऐकत दुसरा, मग दोन्ही ऐकत तिसरा. पण त्यांच्या कानात ते तिन्ही आवाज आयुष्यभर मुरलेले होते. दहा वर्षांच्या मुलाच्या कानावर हेडफोन चढवला की तो शेजाऱ्याच्या श्वासाला, नजरेला मुकतो आणि सूर हलतो. सगळ्यांना एकत्र गाऊ द्या.

खोली लाकडी असेल तर उत्तम. फरशी आणि उघड्या भिंती असतील तर मुलांच्या मागे आणि समोर गोधड्या टांगा, खाली सतरंजी अंथरा. पंखा, फ्रिज, ट्यूबलाइट बंद. फ्रिज बंद केल्यावर गाडीची किल्ली त्यात ठेवा, म्हणजे जाताना सुरू करायला विसरणार नाही.

मुख्य काम दोन माइकच्या जोडीने करा. दोन्हींमध्ये १७ सेंटिमीटर अंतर आणि ११० अंशांचा कोन. जोडी अर्धवर्तुळापासून दीड ते दोन मीटरवर, मुलांच्या डोक्यांच्या किंचित वर. मधल्या आणि वरच्या आवाजाच्या मुलांना छातीवर एकेक छोटा माइक लावा, फक्त आधारासाठी. चित्रपटाचं काम ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर चालतं. ४४.१वर मुद्रण करून नंतर बदलत बसू नका. सर्वात मोठा आवाज उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा, उणे ६च्या वर जाऊ देऊ नका. मुलं तिसऱ्या टेकपासून जोरात गायला लागतात, त्यासाठी ही जागा लागते.

प्रत्येक टेकआधी षड्ज द्या. क्लिक, म्हणजे कानात वाजणारा लयीचा ठोका, देऊ नका. सलग चार टेकनंतर पंधरा मिनिटं सुट्टी आणि कोमट पाणी. शेवटी सगळ्यांना जागेवरच गप्प उभं करून खोलीची मिनिटभर शांतता मुद्रित करा. संकलनात दोन टेक जोडताना तीच उपयोगी पडते. रिकाम्या पाळण्याचं डुलणं आणि लाकडी जमिनीची करकरही वेगळी घ्या.

> सावधान: बानी मोठी वाटली म्हणून माइकची पातळी बदलायला जाऊ नका, बानीच्या मुलांना अर्धं पाऊल मागे घ्या. मधल्या आवाजाचे शब्द तीन मीटरवरून फोनवर मुद्रित करूनही कळले पाहिजेत.

टप्पा ८: चित्रीकरण

एकटी आई गाते ते दृश्य प्लेबॅकवर, म्हणजे आधीचं मुद्रण वाजवून, घेऊ नका. वाकून पांघरूण सारखं करताना आवाज दबतो, श्वास मध्येच तुटतो आणि दृश्याला तेच हवं असतं. तिचा माइक कॉलरखाली लपवा, वर एक बूम (लांब दांड्यावरचा माइक) ठेवा. पाळणा करकरत असेल तर चित्रीकरणाच्या वेळी त्याच्या पायांखाली कापड घाला आणि वेगळी घेतलेली करकर नंतर हवी तेवढी मिसळा.

घोळक्याचं दृश्य मात्र प्लेबॅकवर सोयीचं जातं, कारण मुलं चालत असतात. मुद्रणाच्या आधी दोन टोल आणि बानीचा पहिला स्वर जोडा, म्हणजे मुलं योग्य जागी तोंड उघडतात. ओठ हलवायला सांगू नका, खरंच गायला सांगा. न गाणाऱ्या मुलाची मान स्थिर राहते आणि ते लांबूनही दिसतं. त्याच जागी चित्रीकरण संपल्यावर एकदा प्लेबॅकशिवायही गाऊन घ्या. थंड हवेतला, चालून दमलेला तो आवाज दृश्याच्या सुरुवातीला किंवा दार बंद होताना उपयोगी पडतो.

भारतात चित्रीकरण असेल तर बालकलाकारांसाठी २०१७चे नियम लागू होतात. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यावी लागते. दिवसाला पाच तासांहून जास्त आणि विश्रांतीशिवाय तीन तासांहून जास्त काम घेता येत नाही. रात्रीचं दृश्य असेल तर खिडक्या झाकून दिवसा घ्या.

टप्पा ९: संकलन आणि मिक्सिंग

सूर सुधारणारी यंत्रणा बंद ठेवा. ती मधला गंधार ओढून जवळच्या पट्टीवर बसवते आणि सहा आठवड्यांचं काम एका क्लिकमध्ये पुसलं जातं. दोन टेक जोडायचे असतील तर श्वासाच्या जागी जोडा. त्याआधी दोन्हींचा षड्ज ताडून पाहा. पाव पट्टीहून जास्त फरक असेल तर तो जोड सोडून द्या, दुसरा टेक शोधा.

घुमारा त्या खोलीइतकाच ठेवा. लाकडी घरात मोठ्या चर्चचा घुमारा घातला की आई भिंतीपलीकडे गेल्यासारखी वाटते. गाण्याखाली व्हायोलिनचा थर, तबला, बासरी काहीही घालू नका. दृश्य ओकंबोकं वाटत असेल तर पाळणा, चूल, बाहेरचा कुत्रा हे आवाज वाढवा.

मराठी उपशीर्षकांत ‘नाना’चं भाषांतर करू नका, ते तसंच राहू द्या. ‘इआ’ आणि ‘वार्दो’ यांचे अर्थ मात्र द्या. ‘हारिरा’, ‘देला’ अशी निरर्थक अक्षरं आली तर तिथे उपशीर्षक कोरं ठेवा. अर्थ नसलेल्या जागी अर्थ घुसडला की प्रेक्षक गाणं ऐकायचं सोडून वाचत बसतो.

श्रेयनामावलीत ‘पारंपरिक जॉर्जियन गीत’ एवढंच लिहून थांबू नका. प्रदेश लिहा, कोणत्या गायकाच्या किंवा वृंदाच्या रूपावरून शिकलात ते लिहा, शब्द तपासून देणाऱ्या आजीचं नाव तिच्या परवानगीने लिहा आणि बानीतल्या मुलांची नावं वरच्या दोघांच्या बरोबरीने, त्याच आकाराच्या अक्षरांत द्या.